पुढच्या जन्माचा जामीन

चिंचणी हे तारापूरला लागून असलेलं गाव. बोईसर स्टेशनला उतरून समुद्राच्या दिशेनं निघालं की औद्योगिक वसाहतीच्या चिमण्या मागे पडतात आणि वाड्या सुरू होतात. या पट्ट्यात दागिन्यांच्या डाय कोरणारे कारागीर आहेत. पोलादावर बारीक नक्षी उठवणं हे त्यांचं रोजचं काम. हजार वर्षांपूर्वी तांब्यावर कोरलेला एक मजकूर याच गावात सापडला आणि चिंचणीचं नाव इतिहासाच्या ग्रंथांत गेलं. पुराभिलेखतज्ज्ञ डी. सी. सरकार यांनी इथले ताम्रपट वाचून ‘एपिग्राफिया इंडिका’च्या ३२व्या खंडात छापले. त्यातला एक शके ८४८चा, म्हणजे इ.स. ९२६चा.

राज्य राष्ट्रकूटांचं होतं. गादीवर तिसरा इंद्र होता आणि संजाण मंडलाचा कारभार एका ताजिकाकडे, म्हणजे अरबाकडे होता. त्याचं नाव ताम्रपटात ‘मधुमति’ असं येतं. मुहम्मद या नावाचं ते संस्कृत रूप. सुगतिप हे त्याचं दुसरं नाव. आजूबाजूची बंदरं आपल्या धन्यासाठी जिंकून तिथे आपली माणसं नेमणारा हा जबरदस्त अधिकारी. पण ताम्रपट त्याच्या दोन वेगळ्याच कामांची नोंद करतो. दोन प्रवाहांवर त्यानं फुकट तर सुरू केली, म्हणजे होडीनं पलीकडे जायला कुणाला पैसे पडायचे नाहीत. आणि संजाणला त्यानं अन्नसत्र घातलं, जिथे साळीचा भात, कालवण आणि तूप विनामूल्य मिळे. अन्नैय नावाच्या ब्राह्मणानं त्याच गावी एक मठिका बांधली होती. तिच्या दुरुस्तीसाठी, तिथल्या देवीच्या नैवेद्यासाठी आणि तिथल्या ब्राह्मणांच्या जेवणासाठी मधुमतीनं राजाच्या संमतीनं एक गाव आणि दुसऱ्या एका गावातली थोडी जमीन लावून दिली. ताम्रपट त्या देणगीचा.

आता प्रश्न साधा आहे. राजा मरणार, मधुमति मरणार, अन्नैयही मरणार. पन्नास वर्षांनी दुसरं घराणं येईल आणि त्याला ते गाव हवंसं वाटेल. तेव्हा मठिकेनं दाद कुणाकडे मागायची? न्याय देणारा राजाच, आणि गाव काढून घेणाराही राजाच. त्याच्या वर कोर्ट नाही, कचेरी नाही. या अडचणीवर आपल्याकडे जो तोडगा निघाला तो ताम्रपटांच्या शेवटच्या ओळींत कोरलेला असतो, आणि त्याची कुळकथा मला फार मोलाची वाटते. कारण कर्म आणि पुनर्जन्म हा विचार आपण बहुधा उपनिषदांत, गीतेत, कीर्तनात शोधतो. तो जमिनीच्या व्यवहारात जामीन म्हणून उभा राहिला होता, हे सहसा कुणी सांगत नाही.

ताम्रपटाची घडण बघण्यासारखी असते. बहुधा दोन किंवा तीन पत्रे, एका बाजूला भोक, त्यातून ओवलेली कडी आणि कडीच्या सांध्यावर राजाची मुद्रा, म्हणजे कडी तोडल्याशिवाय पत्रा बदलता येऊ नये. पत्र्यांच्या कडा बऱ्याचदा किंचित उचललेल्या असतात. एकावर एक ठेवले तरी अक्षरं घासली जात नाहीत. बाहेरच्या दोन बाजू बहुधा कोऱ्या ठेवतात, मजकूर आतल्या बाजूंना. सुरुवातीला राजाची वंशावळ येते. पणजोबांनी कोणती लढाई मारली, आजोबांचा हात दानाला कसा सढळ होता, वडिलांच्या नुसत्या नावानं शत्रू कसे पळत. मग दान कुणी कुणाला दिलं, गावाच्या चारी सीमा, तिथी, वार. आणि अगदी शेवटी काही ठरलेले श्लोक, बऱ्याचदा व्यासांच्या नावावर. म. म. पां. वा. काण्यांनी ‘धर्मशास्त्राच्या इतिहासा’त असे श्लोक एकत्र दिले आहेत. घराणी बदलली, लिपी बदलली, तरी हे श्लोक शतकानुशतकं जवळपास तसेच उतरवले गेले.

त्यांचा आशय असा. जमीन देणारा साठ हजार वर्षं स्वर्गात राहतो; ती हिसकावणारा, आणि हिसकावायला मान डोलावणारासुद्धा, तेवढीच वर्षं नरकात. दुसरा श्लोक म्हणतो की जमीन स्वतः दिलेली असो वा दुसऱ्यानं, ती परत घेणारा विष्ठेतला किडा होतो आणि आपल्या पितरांसह त्यातच सडत पडतो. तिसरा गुजरातेकडच्या ताम्रपटांत फार आढळतो. असा माणूस विंध्याच्या बिनपाण्याच्या जंगलात, वाळलेल्या झाडाच्या ढोलीत राहणारा काळा साप होऊन जन्मतो. वाकाटकांच्या ताम्रपटांत लाख गाई मारणाऱ्याचं पाप त्याच्या माथी येतं.

या श्लोकांना ‘शापवचनं’ म्हणून आपण पुढे सरकतो. पण ते एखाद्या मुरलेल्या वकिलानं लिहावेत तसे आहेत. ‘संमती देणाराही’ या शब्दांनी प्रधान, कारकून, भाट सगळे अडकले. मी फक्त हुकूम लिहिला, असं म्हणायची सोय उरली नाही. ‘स्वतः दिलेली असली तरी’ म्हटल्यावर दान देणाऱ्यालाच उद्या पश्चात्ताप झाला तर ती पळवाटही बुजली. आणि पितरांचा उल्लेख तर विलक्षण आहे. ताम्रपटाचा अर्धा पत्रा ज्या पूर्वजांची कीर्ती गाण्यात गेला, त्याच पूर्वजांना शेवटची ओळ शेणाविष्ठेच्या खड्ड्यात नेऊन टाकते. ज्याला कुळाचाच अभिमान, त्याच्या कुळावरच हात घातला. नुसत्या नरकाच्या धाकानं हे साधलं नसतं.

धाकाच्या जोडीला आमिषही आहे. सगरापासून कितीतरी राजे ही पृथ्वी भोगून गेले, आणि ज्या काळी ती ज्याची असेल त्या काळचं फळ त्याचं, असं आणखी एका श्लोकात सांगितलं आहे. म्हणजे आधीच्या राजानं दिलेलं दान तू नुसतं चालू ठेवलंस तरी पुण्य तुझ्या खात्यात. तिजोरीतून दमडी न काढता पुण्य मिळवायची ही सवलत नव्या राजासाठी होती. राष्ट्रकूटांच्या आणि इतरांच्या ताम्रपटांत येणाऱ्या एका श्लोकात तर खुद्द रामचंद्र पुढच्या सगळ्या राजांपुढे पुन्हा पुन्हा हात पसरून विनवणी करतो की हा धर्माचा पूल सर्वांचा आहे, तुम्ही आपापल्या काळी तो राखा. आधीचा राजा पुढच्या राजाला हुकूम देऊ शकत नाही, फक्त याचना करू शकतो. हे भान त्या श्लोकात आहे, आणि म्हणूनच मला तो सगळ्यांत भिडतो.

पण हा जामीन सुरुवातीपासून नव्हता.

याच किनाऱ्यावर, सोपाऱ्याला, अशोकाचे लेख होते. आठव्या लेखाचा तुकडा १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजींना मिळाला, नवव्याचा १९५६ साली भुईगावला. नवव्या लेखात अशोक म्हणतो की लोक आजारपणात, लग्नात, मूल झालं की, प्रवासाला निघाले की नाना तऱ्हेचे मंगलविधी करतात, त्यांचं फळ थोडं. खरा मंगलविधी म्हणजे नोकर-गुलामांशी नीट वागणं, वडीलधाऱ्यांचा आदर, प्राण्यांबाबत संयम. त्याचं फळ इथे मिळालं नाही तरी परलोकात अपार पुण्य. म्हणजे मृत्यूनंतर कर्माचं फळ असतं, ही गोष्ट ख्रिस्तपूर्व तिसऱ्या शतकात सोपाऱ्याच्या बंदरात दगडावर कोरलेली होती. तरी अशोक कुणाला किडा-मुंगी होण्याचा धाक घालत नाही.

नंतर क्षहरात घराण्यातल्या नहपान क्षत्रपाचा जावई उषवदात आला. नाशिकच्या पांडवलेण्यांतल्या त्याच्या लेखात आपल्या पालघर जिल्ह्याचा भूगोल असा उतरला आहे की वाचताना अंगावर काटा येतो. इबा, पारादा, दमणा, तापी, करबेणा आणि दाहनुका या नद्यांवर त्यानं पुण्यासाठी फुकट नावा ठेवल्या. दाहनुका म्हणजे डहाणू. शूर्पारगाच्या रामतीर्थासह काही ठिकाणच्या चरक साधूंना त्यानं नानंगोल गावची बत्तीस हजार नारळाची झाडं दिली. नानंगोल म्हणजे संजाणजवळचं नारगोल, असं अभ्यासक मानतात. मधुमतीच्या फुकट तरीचं मूळ इथे आहे. मधे सुमारे आठशे वर्षं गेली, तरी या खाड्यांच्या मुलुखात पुण्य मिळवायचा पहिला मार्ग तोच राहिला, माणसाला पाण्यापलीकडे पोचवणं. पावसाळ्यात खाडीनं अडवलेल्या गावाला याचा अर्थ वेगळा सांगावा लागत नाही. मधुमतीच्या धर्मातही ‘सदका-ए-जारिया’ आहे, देणारा गेल्यावरही ज्याचं पुण्य चालू राहतं असं दान. दोन धर्मांचे हिशेब एका होडीत मावले.

आता उषवदात आपल्या दानाची हमी कशी देतो ते बघा. नाशिकच्या लेण्यात वर्षावासाला राहणाऱ्या वीस भिक्षूंच्या चीवरासाठी आणि इतर गरजांसाठी त्यानं तीन हजार कार्षापण ठेव ठेवली. दोन हजार गोवर्धनच्या विणकरांच्या एका श्रेणीकडे, दरमहा शेकडा एक या व्याजानं; एक हजार दुसऱ्या श्रेणीकडे, दरमहा शेकडा पाऊण या व्याजानं. मुद्दल कधी परत काढायचं नाही, व्याज तेवढं वापरायचं. हा सगळा व्यवहार निगमसभेत वाचून दाखवला आणि दप्तरात नोंदवला. सातवाहनांचे दानलेख पुढे याच्याही पलीकडे जाऊन अटी घालतात: या जमिनीत शिपायांनी शिरायचं नाही, मिठासाठी खणायचं नाही, अधिकाऱ्यांनी हात लावायचा नाही. या लेखांत कर्म आहे, पुण्य आहे, पण धाक नाही. हमी आहे ती विणकरांच्या पेढीची, सभेची आणि दप्तराची. शहरं चालती होती, व्यापार चालता होता, आणि श्रेणी राजापेक्षा जास्त काळ टिकेल असा भरवसा होता.

चौथ्या-पाचव्या शतकापासून चित्र पालटलं. दान रोख ठेवीचं राहिलं नाही, गावाचं आणि जमिनीचं झालं. प्रभावतीगुप्ता या वाकाटक राणीचा पुण्यात सापडलेला ताम्रपट, आपल्या उत्तरेला पारडीला मिळालेला त्रैकूटक राजा दह्रसेनाचा इ.स. ४५६-५७चा ताम्रपट, हे त्याच नव्या काळातले. दान आईवडिलांच्या आणि स्वतःच्या पुण्यासाठी, आणि राखण व्यासाच्या श्लोकाची. श्रेणीची जागा पुढच्या जन्मानं घेतली. मला वाटतं, ज्या काळी इथल्या संस्था दुबळ्या झाल्या त्या काळी परलोकातल्या संस्थेवर भार पडला.

ते किडे आणि साप कुठून आले, याची वाट उपनिषदांपर्यंत जाते. बृहदारण्यकात आर्तभाग याज्ञवल्क्याला विचारतो की माणूस मेल्यावर वाणी अग्नीत जाते, प्राण वाऱ्यात जातो, मग तो स्वतः कुठे असतो? याज्ञवल्क्य त्याचा हात धरून त्याला बाजूला नेतो. हे चारचौघांत बोलायचं नाही, असं म्हणतो. दोघं जे बोलले ते कर्माबद्दल, एवढंच उपनिषद सांगतं. कौषीतकी उपनिषदात माणूस आपापल्या कर्मानं आणि ज्ञानानं किडा, पतंग, मासा, पक्षी, सिंह होऊन पुन्हा जन्मतो. मनुस्मृतीच्या बाराव्या अध्यायापर्यंत याची रीतसर यादी झाली. याज्ञवल्क्यस्मृतीतही ती आहे: धान्य चोरणारा उंदीर, वाहन चोरणारा उंट, फळ चोरणारा माकड. एकेकाळी हात धरून आडोशाला सांगितलेली गोष्ट दंडसंहितेच्या कलमांसारखी मांडली गेली. आणि त्याच याज्ञवल्क्यस्मृतीत, आचाराध्यायात, दानपत्र कसं लिहावं याचा नियम आहे: कापडावर किंवा तांब्यावर, स्वतःच्या मुद्रेनिशी, पूर्वजांची नावं घालून, पुढे येणाऱ्या भल्या राजांना कळावं म्हणून. दस्त कसा करावा आणि गुन्ह्याला कोणता जन्म, ही दोन्ही प्रकरणं एकाच ग्रंथात.

या ग्रंथावरची एक मोठी टीका कोकणातच लिहिली गेली, आणि तीही राजानं. उत्तर कोकणच्या शिलाहार घराण्यातल्या अपरादित्यानं बाराव्या शतकाच्या पूर्वार्धात ती लिहिली. तिला ‘अपरार्क’ म्हणतात. त्याचं स्वतःचं दानपत्र शके १०४९चं, म्हणजे ११२७चं आहे. जो राजा ताम्रपट देत होता, तोच ताम्रपट कसा द्यावा आणि धान्यचोर कोणत्या योनीत जातो यावर भाष्य करत होता. अशी जोडी इतिहासात वारंवार भेटत नाही.

इथे जरा थांबायला हवं, कारण कर्मविचाराची दुसरी धारही याच वंशात आहे. छांदोग्य उपनिषदात चांगल्या आचरणाची माणसं ब्राह्मण, क्षत्रिय, वैश्य होऊन जन्मतात, वाईट आचरणाची कुत्रा, डुक्कर किंवा चांडाळ होऊन. एका वाक्यात माणसाला जनावरांच्या ओळीत बसवलं. पुढे हजारो वर्षं हा विचार खालच्या माणसाला ऐकवला गेला: तुझी जात, तुझी गरिबी, तुझं दुखणं हे तुझंच मागचं देणं आहे, निमूट फेड. ताम्रपटांत मात्र तोच विचार वरच्या माणसाला ऐकवला जातो. सिंहासनावरच्याला सांगितलं जातं की तू किडा होशील. मागच्या जन्माचा हिशेब दुबळ्यावर लादणं आणि पुढच्या जन्माचा हिशेब बलवानापुढे ठेवणं, यात जमीन-अस्मानाचं अंतर आहे. कर्मसिद्धांत खरा की खोटा हा वाद घालण्याआधी तो कोण कुणाला सांगतोय हे बघावं, असं मला या पत्र्यांनी शिकवलं.

सोपाऱ्याच्या पूर्णाची गोष्टही हेच बघायला लावते. ‘दिव्यावदाना’तला हा पूर्ण शूर्पारकातल्या एका धनिक गृहस्थाचा दासीपुत्र. बापाच्या मागे भावांनी त्याला वाटा नाकारला. पुढे तो मोठा व्यापारी झाला, मग बुद्धाचा भिक्षू. इतका गुणी माणूस दासीच्या पोटी का जन्मला, असं भिक्षूंनी विचारलं तेव्हा उत्तर मिळालं की पूर्वी काश्यप बुद्धाच्या काळी तो संघाचा कारभारी होता आणि अधिकाराच्या तोऱ्यात त्यानं एका अर्हताला ‘कुठल्या दासीचा पोर’ म्हणून हिणवलं होतं. म्हणून पाचशे जन्म दासीच्या पोटी. गोष्ट दासीच्या जन्माला शिक्षाच मानते, हे मला खटकतंच. पण तिचं बोट दासीकडे नाही, हिणवणाऱ्या कारभाऱ्याकडे आहे.

आणि ताम्रपटांचं कौतुक करतानाही एक गोष्ट विसरता येत नाही. किडा होण्याच्या भयानं जी जमीन राखली गेली ती मुख्यतः ब्राह्मणांची, मठांची, देवळांची. गावाच्या सीमा नीट सांगितल्या जातात. झाडं, ओढे, वारुळं त्यात येतात. पण ती जमीन कसणाऱ्याचं नाव क्वचितच. गाव दिलं म्हणजे गावातली माणसंही सारा भरायला नव्या धन्याकडे गेली. त्यांच्या वाट्याची जमीन काढून घेणाऱ्याला कुठल्याही श्लोकानं साप केलं नाही.

चिंचणीचाच आणखी एक ताम्रपट शके ९५६चा, म्हणजे १०३४चा आहे. मोढ घराण्यातल्या चामुंडराजानं संजाणच्या कौतुक मठिकेला एक तेलघाणा दिला. देवीपुढे दिवा जळावा आणि स्वाध्याय करणाऱ्या विद्वानांच्या, आल्यागेल्या ब्राह्मणांच्या पायांना तेल चोळता यावं म्हणून. दूरवरून चालत आलेल्या पायांची काळजी घेणारं हे दान मला फार आवडतं. पण आपल्या कुळकथेला महत्त्वाचं आहे ते दुसरं काही. हे दान ज्यांना कळवलं त्यांत ‘हंयमन’ नागरिक आहेत, म्हणजे बहुधा पारशी अंजुमन, आणि अल्लिय, महर, मधुमत अशा नावांचे मुसलमान व्यापारी आहेत. पारशी चिन्वत पुलावरचा निवाडा मानणारे, मुसलमान कयामतचा. विंध्यातल्या ढोलीतल्या सापाची त्यांना कसली भीती? पुनर्जन्माचा जामीन हा जामीन मानणाऱ्यांपुरताच.

माझा तर्क असा की पुढे उत्तर कोकणात जे घडलं त्याचं एक कारण इथे असावं. अकराव्या शतकापासून शिलाहारांच्या मुलुखात गधेगाळ दिसू लागतात. उभा दगड, वर चंद्रसूर्य, मधे मजकूर आणि खाली गाढव व स्त्री यांचं अभद्र शिल्प. जो हे दान मोडील त्याच्या आईवर गाढव, असा अर्थ. अलिबागजवळच्या अक्षीच्या शके ९३४च्या मराठी लेखात असाच शाप आहे. परळचा शके ११०८चा लेख दुसऱ्या अपरादित्याचा; त्यात दानाचा मजकूर संस्कृतात आणि शिवी मराठीत. शं. गो. तुळपुळ्यांच्या ‘प्राचीन मराठी कोरीव लेखां’त अशी मराठी पुष्कळ भेटते. तांब्याचा पत्रा पेटीत राहायचा, संस्कृत जाणणाऱ्यानं वाचायचा. दगड शिवेवर उभा, अक्षर न ओळखणाऱ्यालाही चित्र कळायचं, आणि कोणत्याही धर्माच्या माणसाला. आई सगळ्यांनाच असते.

यात फार मोठी घसरण झाली. ताम्रपटात गुन्हा ज्याचा, जन्मही त्याचा. करील तो भरील, हा कर्मविचाराचा गाभा तिथे शाबूत होता. पितर ओढले गेले तरी मुख्य किडा तोच. गधेगाळीत गुन्हा मुलाचा आणि विटंबना आईची. जिनं जमीन पाहिली नाही, फर्मान काढलं नाही, ती दगडावर उघडी पडली. लोकांना धाक जास्त बसला असेल, पण कर्माचा न्याय तिथून नाहीसा झाला आणि त्याजागी स्त्रीच्या अब्रूला तारण ठेवण्याची रीत आली. या दगडांना लोककलेचा मजेशीर नमुना म्हणून मिरवणाऱ्यांशी माझं जमत नाही.

पुढच्या काळात शाप आणखी आखूड झाला. वतनपत्रांत, इनामपत्रांत हिंदूला गाईची आण आणि मुसलमानाला डुकराची आण, एवढ्यावर भागू लागलं. दोन्ही धर्मांच्या अंमलदारांना एकाच कागदावर बांधायची ती सोय होती. साठ हजार वर्षं गेली, विंध्य गेला.

मग इंग्रज आले. १८५२च्या ११व्या कायद्यानं इनाम कमिशनला मुंबई इलाख्यात अधिकार मिळाले आणि इनामदारांना पुरावे घेऊन उभं राहावं लागलं. कमिशनला हवं होतं ते एवढंच, की देणाऱ्याला देण्याचा अधिकार होता का आणि भोगवटा सलग आहे का. शेवटच्या ओळीतली गाईची आण त्याच्या लेखी निव्वळ कागद भरणारी होती. तोवरचे राज्यकर्ते शापाला भीत नसले तरी शाप कशाला म्हणतात हे जाणत होते. हे पहिलं सरकार ज्याला पुढचा जन्मच नव्हता. कंपनी मरत नाही, मग ती जन्म कशात घेणार?

बाबासाहेब आंबेडकरांनी १९२७च्या २५ डिसेंबरला महाडला मनुस्मृती जाळली, तेव्हा योनींची ती यादीही त्या आगीत होती. १९५७ साली, त्यांच्या पश्चात प्रसिद्ध झालेल्या ‘द बुद्धा अँड हिज धम्म’मध्ये त्यांनी गतजन्मीच्या कर्माच्या सिद्धांतावर नेमकं बोट ठेवलं: गरिबांच्या आणि दलितांच्या स्थितीची जबाबदारी राज्याला आणि समाजाला टाळता यावी, एवढाच त्याचा उपयोग. बुद्धाचा कर्मनियम त्यांनी याच जगातल्या नैतिक व्यवस्थेपुरता मानला. ताम्रपट लिहिणाऱ्यांनी कर्माला राजाच्या दारात उभं केलं होतं, पण शिक्षा टळावी इतक्या दूरच्या भविष्यात ढकलून. बाबासाहेबांनी राज्याला त्याच दारात, पण आजच्या तारखेला बोलावलं.

संजाण मंडलाच्या त्याच टापूत, तलासरीजवळच्या झरी गावी, १९४५च्या २३ मे रोजी वारली आदिवासींची सभा भरली. किसान सभेचे गोदावरी आणि शामराव परुळेकर तिथे होते. वेठबिगार करायची नाही, लग्नगडी म्हणून राबायचं नाही, असं तिथे ठरलं. लग्नाच्या कर्जापायी नवराबायको दोघंही सावकाराच्या दारी जन्मभर बांधली जात, त्याला लग्नगडी म्हणत. बापाचं कर्ज मुलाकडे येई. मागच्याचं देणं पुढच्यानं फेडायचं ही रीत तिथे तत्त्वज्ञानाची नव्हती, सावकाराच्या वहीची होती. १० ऑक्टोबरला तलवाड्याला जमलेल्या वारल्यांवर गोळीबार झाला, त्यात जेठ्या गांगड आणि इतर चौघे मारले गेले. गोदावरीबाईंनी ‘जेव्हा माणूस जागा होतो’मध्ये हे सगळं लिहून ठेवलं आहे.

डहाणू, तलासरी, जव्हार, विक्रमगडच्या पाड्यांत आज वनहक्काचे दावे चालू आहेत. २००६च्या कायद्यानं मिळालेला पट्टा लोक प्लास्टिकच्या पिशवीत घालून घराच्या वळचणीला जपतात. त्यावर प्लॉटचा नंबर, गुंठे, चतुःसीमा आणि नवराबायको दोघांची नावं असतात. मोर्चात निघालं की मागणी असते ती सातबाऱ्याची: नाव ‘इतर हक्क’ या रकान्यात नको, कब्जेदार म्हणून लावा.